संघ बुडाल्यानंतरचा पाहुणा

शैलाकाकू गेल्याचा फोन सकाळी आला, तेव्हा न्यू जर्सीतल्या आमच्या एडिसनमध्ये बर्फ पडत होतं. "शैला गेली रे. झोपेतच," शेजारचे विनायककाका एवढंच म्हणाले.

काकू निवृत्त डॉक्टर, उंची जेमतेम पाच फूट. बास्केटबॉलशी त्यांचा संबंध अपघातानेच आला. गावात छोट्या लीगचा एक नवा संघ आला होता, जर्सीवर बगळा असलेला. खेळाडूंना सीझनभर घरी ठेवून घेणारी कुटुंबं हवी होती, आणि तशी जाहिरात ओक ट्री रोडवरच्या भारतीय किराणा दुकानात लागली होती. "तांदूळ आणायला गेली आणि पावणेसात फुटी माणूस घेऊन आली," असं काका सांगत.

तो डॅरिल, अलाबामाचा. दारातून वाकून यायचा, वरणभात खाऊन मॅचला जायचा. त्या हिवाळ्यात आम्ही शेजारची मंडळीही जुन्या जिममध्ये जाऊन बसायचो. अर्ध्या खुर्च्या रिकाम्या. पिवळ्या उजेडात ती उंच माणसं पाण्याखाली फिरत असल्यासारखी वाटत. चेंडूचा आवाज छतापर्यंत जाऊन उशिरा परत येई... काकू ओरडत, "डॅरिल, पास कर ना यार!" त्याला मराठी कळत नसे. तरी तो पास करायचा.

सीझन अर्ध्यावर असताना मालकाने संघ बंद केला. बाकीचे खेळाडू घरी गेले. डॅरिलच्या ट्रायल्स जवळच न्यूयॉर्कमध्ये होणार होत्या. अलाबामाला परतला असता तर खेळ सुटला असता. तरी त्याने बॅग भरली. "काकू, आय अ‍ॅम नो यूज हिअर," तो म्हणाला.

काकूंनी वाद घातला नाही. दुसऱ्या दिवशी चहा, साखर, पोहे, सगळे डबे ओट्यावरून कपाटाच्या सर्वांत वरच्या फळीवर गेले. सकाळी हाक आली, "डॅरिल! टी प्लीज!" दुपारी साखर. संध्याकाळी पोहे.

"अगं, काय ताप देतेस त्याला?" काका म्हणाले.

"गप्प बसा हो. कामाला येतोय तो."

बॅग तशीच भरलेली राहिली, पण तो राहिला. वसंतात त्याला पोर्तुगालच्या एका संघाने घेतलं. पुढे बरीच वर्षं तो खेळला.

काकूंच्या तेराव्याला डॅरिल आला. दाढीत पांढरे केस; आता शाळेतल्या मुलांना खेळ शिकवतो. स्वयंपाकघरात आधण उकळत होतं आणि बायका चहा शोधत होत्या. त्याने वर न बघताच हात लांबवला आणि डबा काढून दिला.

"तू गेल्यावर तिने स्टूल आणलं," काका त्याला म्हणाले, "पण डबे काही खाली आणले नाहीत."

"ते आधी ओट्यावर असायचे," डॅरिल इंग्रजीत म्हणाला. "मला माहीत होतं, अंकल."

"मग बोलला का नाहीस?"

डॅरिल हसला. "शी वॉज हॅविंग सो मच फन."

चहा झाल्यावर त्याने डबा पुन्हा वर ठेवला. काका आता रोज सकाळी ते स्टूल ओढून घेतात.