किंगबर्ड नसलेल्या देशात

अवोन्डेलच्या त्या वृद्धाश्रमात मी केअरगिव्हर म्हणून लागले, तेव्हा कराडला आठ वर्षं दवाखाना चालवून आलेली डॉक्टर होते. न्यूझीलंडचा व्हिसा देताना माझ्या डिग्रीचे गुण मोजले गेले होते. इथं आल्यावर मात्र तिच्यावर प्रॅक्टिस करता येईना. एक परीक्षा पास झाले होते. दुसरी झाली तरी एखाद्या हॉस्पिटलनं वर्षभर हाताखाली घ्यावं लागायचं, आणि तिथं माझ्यासारख्यांची रांग लागलेली. नवऱ्याला अल्बनीला सॉफ्टवेअरमध्ये नोकरी होती. घरी बसून वेड लागेल म्हणून मी हे काम धरलं. कामावर घेताना मॅनेजरबाईंनी एका कागदावर सही घेतली होती : रहिवाशांना वैद्यकीय सल्ला देणार नाही, औषधांत लक्ष घालणार नाही.

सात नंबरच्या खोलीत एक अमेरिकन गृहस्थ होते. ऍरिझोनात शाळेत शिकवून रिटायर झालेले. बायको गेल्यावर इथल्या मुलीकडे आले आणि पडल्यावर इथं दाखल झाले. सगळे त्यांना नावानं हाक मारायचे. माझी जीभ वळायची नाही, मी आपली 'सर' म्हणायचे.

सरांचं सगळं आयुष्य पक्ष्यांमागं गेलेलं. आता हात इतके कापायचे की दुर्बीण डोळ्यांना टेकत नसे. मी त्यांच्या मागं उभी राहून ती धरायचे. खिडकीबाहेर विजेची तार होती, पलीकडं खाडीचा चिखल. तारेवर रोज एक खंड्या येऊन बसायचा, इथं त्याला कोतारे म्हणतात.

"आमच्याकडचा किंगबर्ड नावाचा पक्षीही असाच तारेवर बसतो," सर म्हणायचे. "पण तो तुमच्या या देशात नाही."

"माझाही देश नाही हा," मी म्हटलं. ते खूप हसले.

मग त्यांनी मला किंगबर्ड शिकवायला घेतले. मांडीवर पुस्तक, आणि मी त्यांचे पाय चोळत असले की प्रश्न. पिवळं पोट, राखाडी डोकं, काळी शेपटी आणि शेपटीच्या दोन्ही कडांना पांढरी रेघ : हा पश्चिमेकडचा, उघड्या माळावर आणि शेताच्या कुंपणावर राहणारा. डोकं-छाती जास्त गडद, हनुवटीवर पांढरा ठिपका उठून दिसतो, शेपटीला पांढऱ्या कडा नाहीत : हा उंचावरचा, झाडीतला. पूर्वेकडचा वर काळा, खाली पांढरा, शेपटीच्या टोकाला पांढरी पट्टी, आणि हिवाळ्यात थेट दक्षिण अमेरिकेत. दोन जाती तर अशा की पुस्तकातल्या चित्रांतही फरक दिसत नाही.

"मग ओळखायचं कसं?"

"गप्प बसायचं. तो बोलेपर्यंत थांबायचं. फरक फक्त आवाजात आहे."

मी त्यांना आमच्या कोतवालाबद्दल सांगितलं. काळा, दुभंगलेल्या शेपटीचा, मुठीएवढा पक्षी, पण घरट्याजवळ घार आली तरी तिच्या पाठीत चोची मारत हाकलतो. सर एकदम ताठ बसले. "किंगबर्ड हुबेहूब हेच करतो! कुळ वेगळं, पण स्वभाव तोच." त्या दिवशी दुपारचा चहा त्यांनी थंड होऊ दिला. मी नोकरी धरल्यापासून कुणी माझ्याशी इतकं मन लावून बोललं नव्हतं.

त्या हिवाळ्यात आश्रमात पोटाची साथ आली. सरांनाही चार दिवस जुलाब झाले. त्यातून उठले, पण जेवण जाईना. पाणीही घोटभर. एका गुरुवारी मी पडदा सरकवला तर ते खिडकीकडं बोट दाखवून म्हणाले, "बघ, आला! पश्चिमेकडचा! पोट बघ किती पिवळं!"

तारेवर नेहमीचा खंड्या होता.

"हो सर," मी म्हटलं. त्यांना घरची आठवण येत असेल, वय झालंय, असं मनात म्हणत मी चादर बदलली. शुक्रवारीही ते किंगबर्डबद्दलच बोलत होते. नर्सनं वहीत 'गोंधळलेले' असं लिहिलं. मलाही तेच वाटलं. मी डॉक्टर होते, आणि मलाही तेच वाटलं.

शनिवारी दुपारी मी त्यांना दूध दिलं. त्यांनी कप परत केला. "हे पिवळं का आहे?"

दूध पांढरंशुभ्र होतं.

"उशीपण," ते म्हणाले. "तुझा एप्रनपण. सगळंच." आणि उलटी येतेय म्हणून त्यांनी तोंड फिरवलं.

सरांना हृदयासाठी डिजॉक्सिनची गोळी चालू होती, रोज संध्याकाळी जेवणाबरोबर. जुलाबांनी शरीर सुकलं की ती अंगात साठत जाते. भूक मरते, उलट्या होतात, नाडी मंदावते, आणि काही जणांना जग पिवळं दिसायला लागतं. हे मी तिसऱ्या वर्षाला पाठ केलं होतं. पेशंट मात्र कधी पाहिला नव्हता. मी हात धुवायच्या निमित्तानं त्यांचं मनगट धरलं. नाडी चाळिशीच्या आसपास, मध्येच ठोका चुकणारी.

शनिवार-रविवार तिथं नर्स नसायची. सगळ्यात जुनी केअरगिव्हर, एक सामोअन बाई, गोळ्यांची पाकिटं फोडून द्यायची. दणकट, प्रेमळ, मला पहिल्या दिवसापासून सांभाळून घेतलेली. तिला मी स्वयंपाकघरात गाठलं.

"त्यांना आजची गोळी देऊ नकोस. आधी डॉक्टरला विचार. रक्त तपासायला हवं."

"हनी, पाकिटात आहे ते मला द्यावंच लागतं."

"मग नर्सला फोन कर. आत्ता. नाडी कमी आहे म्हणून सांग."

तिनं माझ्यासमोर फोन लावला. "हो... हो, खात नाहीत... नाडी कमी आहे असं आमच्यातली एक मुलगी म्हणतेय... हो, नवीन." फोन ठेवून ती म्हणाली, "गेले काही दिवस गोंधळलेलेच आहेत म्हणे. सोमवारी डॉक्टर येणारच आहेत. आणि नाडी बघणं आपलं काम नाही."

"मी डॉक्टर आहे," मी म्हटलं. त्या इमारतीत पहिल्यांदाच.

तिनं माझ्या खांद्यावर हात ठेवला. "माहितेय मला. पण इथं नाहीस ना."

साडेपाचला तिनं सरांना गोळी दिली. मी शेजारीच त्यांच्या गळ्याला नॅपकिन लावत होते. एक शब्द बोलले असते तर! सर, गिळू नका. इतकंच. तो कागद डोळ्यांसमोर आला, परीक्षा आली, रांग आली. त्यांनी पाणी प्यायलं आणि मी त्यांचं तोंड पुसलं.

घरी गेल्यावर नवऱ्याला सांगितलं. तो कुकर लावत होता. "अगं, मग अँब्युलन्स बोलाव!" म्हणाला, आणि लगेच थांबला. "पण तू कोण म्हणून बोलावणार? उद्या तक्रार झाली तर इथं डॉक्टर म्हणून रजिस्ट्रेशन कधीच मिळणार नाही." अँब्युलन्सचा नंबर मी लावलाच नाही. मी आश्रमात फोन केला. "झोपलेत शांत," सामोअन बाई म्हणाली. मी ठेवून दिला.

रविवारी सकाळी न्याहारीच्या टेबलावर सर कोसळले. सोमवारी मी गेले, तेव्हा सात नंबरची खोली रिकामी होती आणि कॉरिडॉरमध्ये त्यांची मुलगी उभी होती. रक्तात डिजॉक्सिन भरमसाट निघालं, ती म्हणाली. आयसीयूत आहेत. मग तिनं माझ्याकडं आणि शेजारच्या सामोअन बाईकडं पाहिलं.

"कुणाच्याच लक्षात आलं नाही?"

सामोअन बाईच्या घरी पाच पोरं होती आणि कमावती ती एकटी. मी तोंड उघडलं असतं तर तिचं काम गेलं असतं, बहुधा माझंही. "ते फार चांगले आहेत," असं काहीतरी मी बडबडले. मुलीनं माझा हात दाबला. "तुम्ही सगळ्या किती मायाळू आहात!"

तीन आठवड्यांनी सर परत आले, अर्धे होऊन. बोलणं तेवढं स्वच्छ होतं. पहिल्याच दुपारी मला म्हणाले, "डॉक्टरांनी समजावलं. तो किंगबर्ड नव्हता तर."

"नव्हता, सर." आणि मग मला राहवलं नाही. मी डॉक्टर आहे, शनिवारी मला कळलं होतं, मी सांगून पाहिलं, सगळं सांगितलं.

ते रागावलेले नव्हते. वर्गातल्या पोराला विचारावं तसं त्यांनी विचारलं, "मग मला का नाही सांगितलंस? मी गोळी थुंकली असती."

मी त्यांचे मोजे चढवत राहिले. डावा उलटा चढला होता, तो काढून पुन्हा घातला. थोड्या वेळानं त्यांनी डोळे मिटले आणि हातानंच खूण केली, जा म्हणून.

त्यानंतर ते माझ्याशी सौम्यपणेच वागले. पण दुर्बीण मागितली नाही. वसंतात मुलीनं त्यांना तिच्या घराजवळच्या, चोवीस तास नर्स असलेल्या आश्रमात हलवलं. गाडीत बसवताना मी त्यांचा पट्टा लावला. "परीक्षा कधी आहे?" त्यांनी विचारलं.

"नोव्हेंबरात."

"हं," ते म्हणाले. मुलीनं दार लावलं.

नोव्हेंबरात मी पास झाले. हॉस्पिटलात जागा मिळायला त्यानंतर आणखी दोन वर्षं गेली. ती दोन्ही वर्षं मी त्याच आश्रमात अंघोळी घालत होते. सात नंबरमध्ये एक आजी आल्या होत्या, त्यांना डायबेटीस होता. त्यांच्या पायाच्या बोटाचा रंग बदललेला मला एका सोमवारी दिसला. मी नर्सला सांगितलं, आजींना नाही. तिनं वहीत लिहून घेतलं.