नकाशातून वगळलेला जिझो

साकोदा एइकिची यांना ओसाकातल्या आमच्या भागात सगळे 'चार नंबरचे आजोबा' म्हणायचे. मेट्रोच्या चार नंबरच्या जिन्यावरून वर आलं की समोर माझं उडोनचं, म्हणजे रश्श्यातल्या जाड शेवयांचं, दुकान. दुकानाच्या बाहेरच्या भिंतीला टेकून अकरा वर्षं ते उभे असत. सकाळी नऊला येत आणि दुपारी माझ्याकडे वाटीभर उडोन खाऊन पुन्हा उभे राहत. वर येणारा माणूस जरा घुटमळला की हे पुढे होत. "शितेन्नोजीचं देऊळ ना? सरळ जा, दगडी कमान दिसेल. कासवांचं तळं आत आहे. आइझेनचं देऊळ? मग उलट्या बाजूला, आणि उतारावर सांभाळून हं, पायऱ्या झिजल्यात." म्हाताऱ्या बायांच्या पिशव्या ते स्वतः उचलून देवळापर्यंत नेत. लोकांना वाटे, काय देवमाणूस आहे. तसं काही नव्हतं हे मला ठाऊक होतं, आणि मी कुणाला सांगितलं नाही.

ते मूळचे पाट्या रंगवणारे. आमच्या उतारांवरच्या निम्म्या दुकानांची नावं त्यांच्या हातची. बायको सुमी-सान शिवणकाम करायची. त्यांना एकच मुलगा झाला, मिनोरु. एकोणीसशे त्रेसष्ट साली तीन वर्षांचा असताना त्याच्या मेंदूला सूज आली. उताराच्या तळाशी, जुन्या विहिरीजवळ, एक बारकीशी जिझोची देवळी आहे. जिझो म्हणजे लेकरांचा राखणदार, जित्या आणि गेलेल्याही. त्याच्या गळ्यात आया लाल लाळेरं बांधतात. सुमी-साननी शंभर दिवसांचा नेम धरला. रोज पहाटे अनवाणी उतार उतरायचा, विहिरीचं पाणी जिझोच्या दगडी मूर्तीवर घालायचं, हात जोडायचे. ब्याण्णव्या दिवशी पोरगं गेलं.

त्यानंतर साकोदा-साननी त्या गल्लीत पाऊल टाकलं नाही. सुमी-सान मात्र आयुष्यभर जात राहिल्या. नवरा विचारायचा, "त्या धोंड्याला अजून काय मागायचं राहिलंय?" त्या सपाता दारात काढून ठेवायच्या आणि निघायच्या. शहाण्णव सालच्या वसंतात त्याही गेल्या.

पुढच्याच वर्षी आमच्या स्टेशनाचं नाव बदललं. आधी नुसतं 'शितेन्नोजी-माए' होतं, त्याला 'युहिगाओका' जोडलं, म्हणजे मावळतीची टेकडी. दुकानदार मंडळाला उत्साह आला. टोफूवाले ओगुरा आमचे अध्यक्ष. ते म्हणाले, "नवं नाव आलंय तर नवा नकाशा पाहिजे. सगळी देवळं, सगळे उतार, जुन्या समाध्या, सगळं हातानं रंगवलेलं. मात्सुए-चान, तुझी भिंत दे. आणि साकोदा, तुझा हात दे. दोन्ही फुकट!"

साकोदा-साननी दीड महिना खपून तो नकाशा केला. सहा फूट लांबीचा लाकडी फलक. शितेन्नोजीचा पाच मजली मनोरा, सापासारखा वळत जाणारा कुचिनावा उतार, प्रत्येक दगडी पायरी वेगळी. तो माझ्या दुकानाच्या भिंतीला लावला त्या दिवशी सगळी गल्ली जमली होती. जो तो आपलं दुकान शोधत होता.

तोमिए-सानही आल्या होत्या. निवा तोमिए, विहिरीजवळच्या जिझोची देवळी सांभाळणाऱ्या. तेव्हा अडुसष्ट वर्षांच्या असतील. मुलंबाळं नाहीत, येणाऱ्याला चहा द्यायचा, अंगण झाडायचं, जुनी लाळेरी धुऊन वाळत घालायची, हाच त्यांचा संसार. त्यांनी उताराच्या वरच्या टोकावर बोट ठेवलं आणि हळूहळू खाली आणलं. तळाशी विहीर होती. विहिरीशेजारी एक हिरवंगार पाइनचं झाड होतं. देवळी नव्हती.

"साकोदा-सान, माझा जिझो कुठाय रे?"

"जागा पुरली नाही, तोमिए-सान," ते ब्रश पुसत म्हणाले. "मोजमाप चुकलं. माफ करा."

"अगं बाई, एवढ्यासाठी माफी कसली!" त्या हसल्या. "झाड छान आलंय. सावली पडेल त्याच्यावर." दुसऱ्या दिवशी त्यांनी साकोदा-सानच्या घरी गोड भाताचे लाडू नेऊन दिले. का, तर बिचाऱ्याला चुकीची रुखरुख लागली असेल म्हणून. पुढे दर सणाला त्या लाडू देत राहिल्या.

आता एका नकाशानं असं काय होतं? पण झालं. जिन्यावरून येणारे परगावचे लोक नकाशा बघत, बोटानं रस्ता ठरवत आणि निघत. बाकीच्या देवळांत वर्दळ वाढली. विहिरीच्या गल्लीत फक्त ओळखीची माणसं उरली.

आणि मग ती बाई आली.

अठ्ठ्याण्णवच्या सप्टेंबरात, शरदातल्या पितरांच्या आठवड्यात. त्या दिवसांत शितेन्नोजीला मुंग्यांसारखी माणसं येतात आणि माझ्या दुकानाला श्वास घ्यायला फुरसत नसते. दार उघडं होतं. साकोदा-सान दाराजवळच्या स्टुलावर बसून खात होते. बाहेर एक तिशीतली बाई नकाशासमोर बराच वेळ उभी होती. अंगावर काळा पोशाख, हातात कापडी बोचकं. मग ती दारात आली.

"माफ करा, इथे विहिरीजवळ एक जिझो होता ना? मी गोबोहून आलेय, वाकायामातल्या. लहानपणी आई मला घेऊन आली होती. उताराच्या खाली असं आठवतंय, पण कुठला उतार ते कळत नाही."

तिनं बोचकं जरा उघडलं होतं. आत लाल लाळेरं होतं, हातानं शिवलेलं. कशाला आली होती हे विचारायची गरज नव्हती.

साकोदा-सान वाटीतून मान वर न करता म्हणाले, "तो आता नाही. पाडला."

"पाडला?"

"केव्हाच."

तिनं वळून नकाशाकडे पाहिलं. "हो, नकाशातही नाहीये," ती म्हणाली. स्वतःलाच समजावल्यासारखी. मग लाळेरं घडी करून बोचक्यात ठेवलं, खाली वाकून आमचे आभार मानले आणि परत जिना उतरून गेली. शितेन्नोजीलासुद्धा गेली नाही.

मी त्यांच्यापासून चार हातांवर होते. हातात रश्श्याचं ओगराळं. तोमिए-सानच्या देवळीपर्यंत चालत सात मिनिटं लागतात आणि त्या वेळी तिथे चहाचं आधण चढलेलं असतं, हे मला माहीत होतं. तोंड उघडायचं होतं फक्त. पण आठ गिऱ्हाइकं ताटकळत होती, आणि चारचौघांत या माणसाला खोटं कसं पाडायचं, असंही वाटलं. तेवढ्यात कुणीतरी ओरडलं, "ओ बाई, आमची वाटी आज मिळणार की पुढच्या वर्षी?" आणि मी ओगराळं हलवलं.

साकोदा-सान मिनिटभर तसेच बसले. मग एकाएकी वाटी बाजूला सारून उठले आणि धावतच जिना उतरले. त्रेसष्ट वर्षांचा माणूस, पायात लाकडी सपाता. पंधरा मिनिटांनी परत आले तेव्हा घामानं निथळत होते, एका सपातेचा पट्टा तुटला होता.

"काय झालं?" मी विचारलं, जसं काही मला माहीतच नव्हतं.

"गाडीची दारं लागली होती," ते म्हणाले. "काचेतून दिसली. बसली होती. मी हात हलवला, तिला वाटलं निरोप देतोय. तिनंही मान लववली."

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला ते भिंतीशी येऊन उभे राहिले. ती बाई परत येईल, आली तर चुकायला नको, म्हणून. नुसतं उभं राहायला लाज वाटे, म्हणून लोकांना रस्ता सांगू लागले. ती आली नाही. महिने गेले, वर्षं गेली, आणि लोकांनी त्यांना आजोबा केलं.

दर वसंतात ते एकदा गोबोला जात. गावातली देवळं, स्मशानं, बाजार पालथा घालत. नाव माहीत नाही, पत्ता नाही. विचारायचं तरी काय? "काळ्या कपड्यातली बाई, मूल गेलेली." एका देवळातल्या भटजींनी म्हणे त्यांना विचारलं, "अहो, अशा किती सांगू?" येताना ते माझ्यासाठी खारवलेल्या आलुबुखारांची बरणी आणत. मी ती घेत असे आणि काही विचारत नसे.

दोन हजार नऊमध्ये मंडळानं त्यांचा सत्कार ठरवला. माझ्याच दुकानात, दुपारी बाकं सरकवून. तीसेक माणसं होती. तोमिए-सान ऐंशीच्या झाल्या होत्या, त्यांना पुढची खुर्ची दिली. ओगुरांनी मानपत्र वाचलं, त्यात 'निःस्वार्थ' हा शब्द तीनदा आला. साकोदा-सान उभे राहिले.

"मी हे घेऊ शकत नाही," ते म्हणाले. "मी वाईट माणूस आहे."

"सुरू झालं याचं!" ओगुरा ओरडले. "अरे, ओसाकात नम्रपणाला कोणी विचारत नाही. घे आणि बस, बिअर गरम होतेय."

"नकाशात जागा होती," साकोदा-सान म्हणाले. "मी मुद्दाम सोडला जिझो. माझा मुलगा वाचवला नाही म्हणून. आणि एक बाई विचारत आली तर तिला सांगितलं की देवळी पाडली."

कुणीतरी हसलं. मग सगळेच हसले. गालिचे विकणारा मागून म्हणाला, "आजोबा, इतका खोटा पश्चात्ताप नाटकात शोभतो! चला, टाळ्या!" टाळ्या झाल्या. त्या माणसाची अवस्था मी पाहत होते. बुडणारा हात वर करतो आणि किनाऱ्यावरचे त्याला हात हलवून दाखवतात, तशी. एवढ्या माणसांत तोमिए-सान हसल्या नव्हत्या. त्या काठी टेकत उठल्या आणि कुणाशी न बोलता निघून गेल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी साकोदा-सान माझ्याकडे आले. "मात्सुए-चान, माझ्याबरोबर चल. एकट्यानं पाय उतरत नाहीत." मी दुकान बंद ठेवलं. सेहेचाळीस वर्षांनी ते त्या गल्लीत शिरले.

तोमिए-सान अंगण झाडत होत्या. त्यांनी झाडू थांबवला नाही.

"बारा वर्षं मी तुला लाडू खाऊ घातले," त्या म्हणाल्या. "बिचाऱ्याचं मोजमाप चुकलं म्हणून."

"हो."

"माझ्याशी काय वैर होतं तुझं?"

"तुमच्याशी नाही. याच्याशी." त्यांनी दगडाकडे हनुवटी केली.

"मग याला येऊन शिव्या द्यायच्या होत्यास. इथे रोज येतात बाया शिव्या द्यायला. तो ऐकतो, मी चहा देते. पण लपवायचं? आणि वर इतरांचाही रस्ता बंद करायचा?" त्यांचा झाडू आता थांबला. "मला वाटायचं, लोक येईनासे झाले, माझंच काही चुकतंय. मी अंगण दोनदा झाडायला लागले रे."

साकोदा-सान जमिनीवर बसले आणि कपाळ टेकलं. "मला माफ करा."

"माझ्यापुरतं कदाचित करेन. आज नाही. त्या बाईच्या वतीनं माफ करणारी मी कोण?"

मग तोमिए-साननी विहिरीची लहान बादली त्यांच्यापुढे ठेवली. "सुमी-साननी शंभर दिवस पुरे केले, माहितीये? पोर गेल्यावर उरलेले आठ दिवसही आली ती. तू विचारलंस कधी, का ते?"

"नाही."

"मीही नाही विचारलं. पाणी घाल आता."

त्यांनी पाणी घातलं. हात मात्र जोडले नाहीत. तेवढं जमलं नाही, असं मला नंतर म्हणाले.

त्याच आठवड्यात ते शिडी घेऊन आले. मी शिडी धरली. त्यांनी पाइनचं झाड खरवडून काढलं आणि तिथे देवळी रंगवली, बोटाच्या पेराएवढी. ते वर होते आणि मला त्यांचा चेहरा दिसत नव्हता, म्हणून मला बोलता आलं.

"साकोदा-सान, त्या दिवशी मी ऐकलं होतं. ती बाई आली तेव्हा. मला रस्ता माहीत होता."

ब्रश चालूच होता. "ठाऊक आहे. तुझं ओगराळं थांबलं होतं."

"मग मला कधी बोलला का नाहीत?"

"तू मला बोलली नाहीस ना. बरं वाटायचं. वाटायचं, आपण दोघं आहोत." थोड्या वेळानं म्हणाले, "त्या बिचारीला वाटलं, आपण एकालाच विचारलं. नाही म्हणणारे आपण दोघं होतो."

तोमिए-साननी त्यांना माफ केलं की नाही, मला नक्की सांगता येणार नाही. दर चोवीस तारखेला, जिझोच्या दिवशी, दोघं मिळून देवळी धूत. तोमिए-सान ओरडायच्या, "पुसतोस का पाट्या रंगवतोस? जोर लाव!" आणि ते निमूट जोर लावायचे. लाडू मात्र त्यांनी पुन्हा कधी दिले नाहीत. माणसं हळूहळू परत येऊ लागली. तोमिए-सान गेल्यावर त्यांच्या भाचीनं देवळी हाती घेतली आणि चांगली सांभाळली.

साकोदा-सान दोन हजार तेरात गेले. शेवटपर्यंत गोबोची वारी त्यांनी चुकवली नाही. गुडघे गेल्यावर मला विचारलं होतं, "येतेस बरोबर? दोघं शोधू." मी म्हटलं, दुकान कुणावर सोडू. पुढच्या वर्षी पुन्हा विचारलं. तेव्हा सून दुकान बघायला लागली होती, गिऱ्हाईकही मंदावलं होतं. तरी मी तेच सांगितलं. ते "बरं" म्हणाले आणि काठी टेकत, एकेक पायरी मोजत, जिना उतरून गेले.