तट्टीचं घर

रामनगरहून जोयड्याला जाणाऱ्या गाडीत ती माझ्या शेजारी बसली होती. कंडक्टरनं दार लावलं की तिची मान झटकन तिकडे वळायची. हायकोर्टातून ती बापाबरोबर अणशीला परत निघाली होती. बापानं तिला डांबून ठेवलंय, असा अर्ज नवऱ्यानं कोर्टात केला होता. मग तिला 'सोडवायला' पोलीस अणशीत आले होते!

"कशानं डांबणार, अक्का? अप्पाच्या घराला दारच न्हाई. बांबूची तट्टी हाय, गुरं शिरू नयेत म्हणून. कुलूप लावायचा त्यो नवरा. रानात जाताना मला आत ठेवून, भाईरनं."

"जज्जसाहेबांना सांगितलंस?"

"त्येंनी इचारलं, कुठं जाणार? म्या म्हटलं, अप्पाकडं. जा म्हणाले."

माझं डोकंच फिरलं. बायको हरवल्यासारखं कोर्टात रडणाऱ्या त्या माणसाला कुलपाबद्दल कुणी एका शब्दानंही विचारलं नव्हतं.

ती मात्र पदर सारखा करत शांतपणे म्हणाली, "कुलपात हुते तवा कोण आलं न्हाई, अक्का. तट्टीतनं सोडवायला जीप आली."