अपील मागे घेतलं त्या दिवशी

तुमच्या सोयगावच्या चुलत आजोबांच्या घरून लग्नाची पत्रिका आली आणि मी का जाणार नाही, असं तुम्ही विचारलंत. क्रमाने सांगते.

गारखेड्यातलं हे घर तुमच्या आजोबांनी निजामाचं राज्य संपवणाऱ्या पोलीस ॲक्शननंतर लागलेल्या सरकारी नोकरीच्या पगारातून बांधलं. ते गेले आणि वर्षाच्या आत माझ्या धाकट्या दिरांनी, म्हणजे याच सोयगावच्या आजोबांनी, दावा लावला, की घर सामाईक शेतीच्या उत्पन्नातलं आहे, ताबा आमचा. मला याचा पत्ताच नव्हता. त्यांचा मुलगा कॉलेजसाठी माझ्याकडेच राहायचा, माझ्या हातचं जेवायचा. मी शाळेत शिकवायला गेलेली असताना बेलीफ आला. तेव्हा घरातल्या सज्ञान पुरुषाच्या हाती समन्स दिलं तरी चालायचं. पुतण्याने सही करून ते घेतलं, आणि संध्याकाळी मला म्हणाला, "मोठी आई, आज वरण लई झकास झालंय."

मी तारखेला गेलेच नाही, म्हणून निकाल एकतर्फी लागला. घर खाली करायचा हुकूम दारात आला तेव्हा मला कळलं. पुतण्या आधीच गावी पळाला होता. मी घाईने अपील केलं आणि ताब्याला स्थगिती मिळवली.

मग एका म्हाताऱ्या, उर्दूत वकिली शिकलेल्या वकिलांनी कागद पाहिले. "बाई, अपिलात खालचेच कागद वाचतात. त्यात तुमचा एक शब्द नाही. अपील काढून घ्या. समन्स मिळालंच नाही म्हणून खालच्या कोर्टात हा एकतर्फी हुकूमनामा रद्द करायचा अर्ज देऊ."

"आणि स्थगिती?"

"ती अपिलाबरोबर जाईल. नव्याने मागू. मिळेलच असं नाही."

मी एक रात्र विचार केला आणि अपील काढून घेतलं. कोर्टाच्या व्हरांड्यात दीर चार माणसांसमोर मोठ्याने हसले. "काय वहिनी, घेतली ना माघार? एवढं इंग्रजी शिकून काय फायदा झाला? घर कधी खाली करता तेवढं सांगा."

"खालच्या कोर्टात या भाऊजी, तिथे सांगते."

अर्ज त्याच दिवशी दिला. सुनावणीपर्यंत स्थगिती मिळाली. सुनावणीला पुतण्या साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहिला. वकिलांनी विचारलं, "समन्स कुणाला दिलं?"

"बाबांना."

"दावा कुणाचा होता?"

"बाबांचाच की."

"मोठ्या आईला का नाही दिलं?"

"बायकांना कागद कशाला द्यायचे, साहेब? त्यांना काय कळतंय?"

हे बोलून शाबासकी मिळेल म्हणून त्याने बापाकडे पाहिलं. बाप जमिनीकडे पाहत होता. हुकूमनामा रद्द झाला.

दावा पहिल्यापासून चालला. या वेळी मी स्वतः साक्ष दिली, तुमच्या आजोबांच्या पगाराचा पुरावा दिला, आणि घर माझंच ठरलं. पायऱ्यांवर दीर जवळ आले. "झालं गेलं, वहिनी. आमचा धाकटा आता कॉलेजला येतोय. तुमच्याकडंच ठेवतो म्हणतो. ती मागची खोली रिकामीच हाय ना?"

मी पायऱ्या उतरून घरी आले. दुसऱ्या आठवड्यात त्या खोलीत भाडेकरू ठेवला.