विचारून गाणारी मार्था

झडतीला उभी राहिलेली बाई कशी दिसते, ते मला विचारा. कुणी कपाळाला आठ्या घालते, कुणी घड्याळ बघते, कुणी "जल्दी करा ना अक्का, बस जाईल" म्हणून माझ्याच जिवावर उठते. मार्था मात्र मी सांगायच्या आधीच दोन्ही हात पसरून उभी राहायची. "बघा अक्का, नीट बघा. घाई न्हाई मला." वर डोळे मिटून काहीतरी गुणगुणायची. झालं, पहिल्याच दिवशी ती माझ्या डोक्यात बसली. ज्याच्या पोटात काही नसतं तो माणूस झडतीला वैतागतो. ही एवढी राजीखुशीनं हात पसरते म्हणजे कुठंतरी पाणी मुरतंय, असं मी पक्कं धरलं.

जालन्याच्या एमआयडीसीत एका बियाणांच्या कंपनीत मी बायकांच्या गेटवर असते. आमच्याकडे सोनंनाणं नाही, पण मूळ वाणाचं मूठभर बी बाहेर गेलं तरी कुणाची तरी वर्षानुवर्षांची मेहनत दुसऱ्याच्या घरात जाते. म्हणून सुटीच्या वेळी डबे, पदर, ओढणीच्या गाठी, चपला, सगळं बघायचं. आणि प्रत्येकीला मी दोनदा विचारते, "पिशवीत काय? पिशवीत काय?" पहिल्यांदा बाई सवयीनं उत्तर देते. खोटं असेल तर दुसऱ्यांदा अडखळते.

मार्था बावीस-तेवीस वर्षांची. आईबरोबर मिशन कंपाउंडात राहायची, आमच्याकडे सरकी निवडायच्या पट्ट्यावर बसायची. गिटार चर्चमध्ये शिकली होती. कामावरून सुटली की थेट चर्चच्या हॉलवर सरावाला जायची, म्हणून ते धूड रोज सोबत. आत न्यायला बंदी, तेव्हा दिवसभर माझ्या केबिनमध्ये. पहिल्याच दिवशी मी त्याच्या भोकातून बॅटरी मारून आत पाहिलं, उलटं करून हलवलं. काही पडलं नाही. मग तर जास्तच संशय आला.

"कसली गाणी म्हणतीस तू?" मी विचारलं.

"ब्लूज."

"म्हणजे देवाची का?"

"न्हाई अक्का. देवाची चर्चमधी म्हणते. ही अमेरिकेतल्या काळ्या मजुरांची. कापूस वेचायचे अन् म्हणायचे. आपन कापसाचीच सरकी निवडून राह्यलो, मंग आपल्याला बी हक्क हाय की."

मोबाइलवर बघून बघून तिनं ती उचलली होती, पण शब्द आपल्याकडचे घालायची. तिची रीत तिनं मला एकदा समजावून सांगितली. "एक ओळ म्हणायची. तीच ओळ पुन्यांदा म्हणायची. अन् तिसरीत खरं काय ते सांगून टाकायचं. तुमच्यासारखंच. तुम्ही बी दोनदाच इचारता." मला हसू आलं होतं, पण गेटवर हसलं की धाक राहत नाही. आवाज मात्र कबूल करायला हवा. नुकतंच रडून, तोंड धुऊन कामाला लागलेल्या बाईसारखा होता. एवढ्याशा पोरीत तो कुठून आला, याचाही मला संशय होताच.

आणि एके दिवशी मला घबाड सापडलं. तिच्या डब्याच्या पिशवीत बियाणाच्या थैलीची चिठ्ठी निघाली. मागच्या कोऱ्या बाजूला बारा चौकोन आखलेले आणि प्रत्येक चौकोनात इंग्रजी अक्षर: ए, बी, ई. काहींच्या पुढं सातचा आकडा. आमच्याकडे बाजरीच्या मूळ वाणांना ए लाइन, बी लाइन म्हणतात. शेताच्या तुकड्यांना नंबर असतात. माझ्या अंगात वीजच सळसळली. म्हटलं, सापडली भवानी! तिला हाताला धरून साहेबांपुढं उभी केली.

साहेबांनी चिठ्ठी उलटीसुलटी केली. "ई लाइन आपल्याकडं नाही," म्हणाले, पण तेही विचारात पडले. मार्था शांतपणे म्हणाली, "सर, गिटार आणू द्या, दाखवते." तिनं त्या बारा चौकोनांवर बोट ठेवत ठेवत वाजवून दाखवलं. कुठल्या चौकोनाला कुठला सूर, एवढंच होतं ते. साहेबांचा बूट टेबलाखाली ताल धरू लागला. ते भानावर आले आणि म्हणाले, "बाई, जा, कामाला लागा." हे मला म्हणाले की तिला, ते मला आजतागायत कळलेलं नाही.

माझा संशय काही त्यानं मिटला नाही, फक्त जागा बदलून बसला. पोरगी बायकांचं बोलणं टिपून घ्यायची, हे मी बघत होते. जेवायच्या सुटीत कुणी सासूचं गाऱ्हाणं सांगितलं, कुणी पोराच्या शाळेचं, की चार दिवसांत त्याचं गाणं झालेलं असायचं. पण तिचा एक नेम होता. ज्या बाईचं बोलणं असेल तिलाच ते आधी ऐकवायचं आणि विचारायचं, "हे तुमचं हाय. गाऊ का?" बाई हो म्हणाली तर गायची, नाही म्हणाली तर विषय बंद. पट्ट्यावरच्या लीलानं तर सांगितलं होतं, "माझी सासू गेल्यावर गा." सासू अजून ठणठणीत आहे आणि ते गाणं अजून कुणी ऐकलेलं नाही. मला वाटायचं, हे सगळं नाटक. आजच्या काळात असं विचारतं का कुणी?

मग तो दिवस आला. भर दुपारी वीज गेली, पट्टा थांबला, बायका लिंबाखाली जाऊन बसल्या. मार्था माझ्या केबिनमध्ये गिटारची तार बदलत होती. तिनं मला काही म्हणजे काही विचारलं नाही. तिथंच घात झाला. कुणी विचारलं असतं तर मी सावध झाले असते.

मी तिला माझ्या नवऱ्याचं सांगून बसले. दर महिन्याला तो अंबडला जायचा. "जमिनीची तारीख हाय कोर्टात." मी पहाटे उठून डबा करायची. एकदा म्हणाला, "वकिलाला तुझ्या हातची भाकरी लई आवडली." तेव्हापासून डब्यात दोन भाकरी जास्त, वर ठेचा. तीन वर्षं! शेवटी एकदा मीच एसटीत बसून अंबडच्या कोर्टात गेले. कारकुनानं बिचाऱ्यानं सगळं धुंडाळलं. आमच्या नावाचा खटलाच नव्हता. विचारत विचारत तो उतरायचा त्या घरी पोचले तेव्हा वकीलही नव्हता. एक बाई होती, कडेवर लेकरू, आणि तिच्या ओट्यावर माझा डबा. त्या दिवसापासून तो तिथंच राहिला. गल्लीत मी सांगितलं, सुरतला मिलमध्ये कामाला लागलाय. अजून तेच सांगत होते.

बोलून गेले आणि जीभ चावली. संध्याकाळी तिची पिशवी मी तीनतीनदा बघितली. एक कागद नाही. हायसं वाटलं. पण डोक्यात काय नेलं त्याची झडती कशी घेणार?

चौथ्या दिवशी जेवायच्या सुटीत ती केबिनमध्ये आली. "अक्का, तुमचं हाय. तुम्हीच पयले ऐका."

धनी गेलं अंबडला, आज तारीख हाय म्हणं
धनी गेलं अंबडला, आज तारीख हाय म्हणं
वकिलाच्या दोन भाकरी, खाल्ल्या कुण्या सवतीनं

इतकी वर्षं जे माझ्या घशात अडकलं होतं, ते ती पोरगी मोकळ्या गळ्यानं म्हणत होती. आणि मग असा संताप आला! "गाऊ का?" तिनं विचारलं.

"न्हाई! बिलकुल न्हाई! गल्लीला कळलं तर तोंड कुठं दाखवू मी?"

"बराबर हाय," ती म्हणाली आणि गिटार पिशवीत घातलं. पुन्हा कधी नाव काढलं नाही. गयावया केली असती तर मला बरं वाटलं असतं. न मागणारं माणूस फार घातकी, हे मी अनुभवानं सांगते.

पुढं संभाजीनगरला नव्या गाणाऱ्यांचा कार्यक्रम ठरला. पुण्याहून एकजण येणार होता, एकाला निवडून रेकॉर्डिंगला नेणार होता. मार्था म्हणाली, "यात झालं तर पुणं, न्हाईतर सरकी हायेच." शनिवारी दुपारचा कार्यक्रम. मी बहीण आजारी असल्याचं सांगून रजा टाकली. खोटं बोलले, हो. पोरगी माझं गाणं म्हणते का, ते मला स्वतःच्या कानांनी ऐकायचं होतं. शेवटच्या रांगेत डोक्यावरून पदर ओढून बसले.

तिनं गमतीची दोन गाणी म्हटली. लोक हसले, टाळ्या झाल्या. पुण्याचा माणूस माइकवर म्हणाला, "आवाज फार चांगला आहे. पण हे सगळं हसण्यावारी जातंय. आतून आलेलं एखादं आहे का? एकच ऐकव."

मी पुढच्या खुर्चीची पाठ घट्ट धरली.

"हाय एक," मार्था म्हणाली. "सगळ्यात चांगलं तेच हाय. पन ते माझं न्हाई. ज्या बाईचं हाय तिनं अजून सोडलं न्हाई."

हॉलमध्ये हशा पिकला. "गावाचं नाव बदलून म्हण," तो म्हणाला.

"नाव बदललं तरी त्यांचंच राहतंय ना सर."

त्यानं खांदे उडवले आणि पुढच्याला बोलावलं. मी उठले नाही. उठून हो म्हणायला हवं होतं, हे मला तिथं बसल्या बसल्याही कळत होतं. तरी नाही उठले. निवड दुसऱ्याच कुणाची तरी झाली.

सोमवारी ती गेटवर आली, हात पसरले. "अक्का, शनिवारी परतीची बस मिळाली का बराबर?"

म्हणजे तिनं मला पाहिलं होतं! माझं डोकं लगेच फिरलं. मी बसलेली दिसले म्हणून साळसूदपणा केला तर हिनं. मी विचारलं, "मी तिथं नसते तर म्हणली असतीस?"

"न्हाई अक्का."

"म्हणली असतीस?"

तिचे हात खाली आले. म्हणाली, "म्हणले असते. बसमधीच ठरवल्तं. तुम्ही जालन्यात, तुम्हाला कोन सांगनार? स्टेजवर चढले अन् तुमचा पदर दिसला." आणि रडायला लागली. "तुम्ही म्हनता तशीच निघाले मी."

मागं बायकांची रांग ओरडत होती. माझा संशय खरा निघाला होता. एरवी मला अशा वेळी कसं गार वाटतं! त्या दिवशी तसं काही झालं नाही. माझ्या नवऱ्याला मी दोनदा काय, शंभरदा विचारलं होतं, आणि शंभरदा त्यानं तारीखच सांगितली. ही पोरगी दुसऱ्यांदा विचारल्याबरोबर खरं बोलली, तेही स्वतःचं नुकसान करून घेतल्यावर. माझा जीव तिच्यावर जडला तो त्या क्षणी, उगाच लपवू कशाला.

"गा," मी म्हणाले.

"नाव बदलू का गावाचं?"

"अंबडच राहू दे. भाकरी बी दोनच."

त्याच दुपारी माझ्या केबिनमध्ये बसून तिनं ते मोबाइलवर रेकॉर्ड केलं आणि पुण्याला पाठवलं. मागं कन्व्हेअरची घरघर आहे, कुठंतरी माझं खोकणंही आहे. आठ दिवसांत त्या माणसाचा फोन आला. महिन्याभरात मार्था पुण्याला गेली. जायच्या दिवशी मी तिची पिशवी बघितली नाही, तर रुसली. "बघा की अक्का, सगळ्यांचं बघता अन् माझंच न्हाई व्हय?" मग बघितली. आता ती तिथं दिवसा एका दुकानात काम करते, शनिवार-रविवार गाते. कार्यक्रमाच्या पत्रकांवर तिचा फोटो असतो. फोन करते तेव्हा मी अजूनही विचारते, नीट जेवतेस का, आणि एका उत्तरावर विश्वास ठेवत नाही.

परवा दळण घेऊन गिरणीवर गेले होते. शेजारची कुसुम तिच्या मोबाइलवर तेच गाणं लावून बसली होती. "आवं अक्का, ऐकलं का? लई भारी म्हणून राह्यली पोरगी. गाण्याआधी सांगते बघा, हे जालन्याच्या एका बाईचं हाय, तिला इचारून म्हणते म्हणून. कोन असंल हो बिचारी?"

सुरत माझ्या तोंडात तयार होतं. वर्षानुवर्षं घोटलेलं. आजूबाजूला गल्लीतल्या पाच-सात बायका डबे घेऊन उभ्या होत्या, आणि गिरणी जोरात चालू होती. त्यामुळे मला चांगलंच मोठ्यानं बोलावं लागलं.

"माझं हाय ते," मी म्हणाले.