मी पडले आणि ताई आली नाही

सांगूनच टाकते, पोटात राहत नाहीये! सिंगापुरात आम्ही राहतो त्या यिशुन भागात, आमच्या वरच्या मजल्यावरची ताई देशाच्या टीममधून रग्बी खेळायची. पंधरा जणींची, युनियन म्हणतात ती. मला बॉल पकडायला तिनेच शिकवलं, आमच्या ब्लॉकखालच्या मोकळ्या जागेत. "आपण दोघी एकत्र सिंगापूरची जर्सी घालणार," हे तिचंच वाक्य.

युनियनमध्ये मला कुणी पाडलं की मी बॉल मागे ठेवायचा, आणि आपल्यातल्या कुणीतरी धावत येऊन माझ्यावर वाकून तो राखायचा. नाहीतर समोरच्या सरळ उचलून नेतात. माझ्यासाठी धावत यायची ती ताई. कायम.

सिलेक्शनच्या मॅचला मी पडले, बॉल ठेवला, बघते तर ताई मागे जाऊन लाइनमध्ये उभी! बॉल गेला. थोड्या वेळाने परत तेच. मग परत! कोच सगळ्यांसमोर म्हणाला, हिला बॉल सांभाळता येत नाही. ताई शेजारीच होती. बुटाची लेस बांधत बसली!

नंतर हॉकर सेंटरला खायला गेलो तेव्हा मी रडत रडत विचारलं, "तुला झालं काय होतं?"

"सवय लागली गं."

"कसली?"

तेव्हा कळलं. लीग! तेरा जणींची रग्बी. तिथे पडलेली स्वतःच उठते आणि पायाने बॉल मागे ढकलते, राखायला कुणी येतच नाही. ती कधीपासून गुपचूप त्याचीच प्रॅक्टिस करत होती, आणि मला सांगायची फिजिओकडे चाललेय! ऑस्ट्रेलियातला एक क्लब तिला घेणार होता.

"मग कोचला सांग ना, माझी चूक नव्हती!"

"साइन होऊ दे, मग नक्की सांगते. आत्ता बोलले तर तिकडचं फिसकटेल."

"आणि माझं फिसकटलं त्याचं काय?"

"तू लहान आहेस, नेक्स्ट इयर कॅन लाह, पुढच्या वर्षी होईल की."

सिंगापूरची टीम माझ्याशिवाय स्पर्धेला गेली. ताई साइन करून ऑस्ट्रेलियाला गेली. कोचला काय सांगितलं? काहीच नाही. मला मात्र कांगारूचे स्टिकर पाठवते.

परवा तिची पहिली लीग मॅच होती. आईने टीव्हीवर लावली. "अगं ये लवकर, आपली ताई!" मी दारातच थांबले. मला ना, खरंच वाटत होतं की तिच्या हातून बॉल सुटावा. पण ती इतकी भारी खेळत होती! आई टाळ्या वाजवत म्हणाली, "तू काय अशी उभी? वाजव की!"

मी हात खिशात घातले. मॅच मात्र शेवटपर्यंत बघितली.