तिरपा उजेड

अक्का भर दुपारी टॉर्च घेऊन फिरत. मेहरूणच्या त्यांच्या गल्लीतली भाजीवाली विचारायची, "काय हरवलं, अक्का?" त्या म्हणायच्या, "सापडलं की सांगते." शिल्प बघायचं तर उजेड समोरून नाही, बाजूनं पाडायचा, ही त्यांची पहिली शिकवण. समोरून टॉर्च मारली की दगड सपाट होतो. उजेड तिरपा पडला की दंडावरची वाकी, पोटावरची वळी, ओठांच्या कडेचं हसू हळूहळू वर येतं. "तोंडावर टॉर्च मारली तर माणूसही काही सांगत नाही," त्या म्हणत. "दगड काहून सांगेल?"

अक्का कलेच्या इतिहासाच्या निवृत्त प्राध्यापक. माहेर यावलकडचं, केळीवाल्यांचं. लग्न केलं नव्हतं. आयुष्यभर अभ्यास केला तो मिथुनशिल्पांचा, म्हणजे देवळांच्या भिंतींवर एकमेकांत गुंतलेल्या स्त्री-पुरुषांच्या मूर्तींचा. नातेवाईक चारचौघांत एवढंच सांगत, "आमची अक्का देवळांवर लिहिते." अक्का शेजारी बसून शांतपणे भर घालत, "बाहेरच्या भिंतीवर."

मी त्यांच्याकडे गेले ती प्रबंध तपासून घ्यायला. खानदेशातल्या एका देवळाच्या भिंतींचं वर्णन मी इंग्रजीत लिहिलं होतं. हत्तींची रांग, वादक, द्वारपाल, सगळे आपापल्या जागी होते. खालच्या पट्ट्याजवळ आल्यावर मी 'इतर मूर्ती' असं लिहून पुढे गेले होते. अक्कांनी त्या दोन शब्दांवर बोट ठेवलं.

"हे इतर म्हणजे कोण गं?"

मी सांगितलं. अर्थात इंग्रजीत. इंग्रजीत मला काहीही म्हणता येत असे. शाळेपासून तीच सवय. पोटात दुखलं तरी इंग्रजी, वर्गातला मुलगा आवडला तरी इंग्रजी. मराठीत फक्त जेवणखाण आणि आईशी वाद.

"छान," अक्का म्हणाल्या. "इंग्रजीचा पदर घेऊन बसलीस. आता तो काढ. म्हण, स्तन. मांडी. चुंबन."

मी समोरच्या कॅलेंडरवरच्या गणपतीकडे बघत ते शब्द म्हटले.

"त्याला काय सांगतेस? त्याला माहीत आहे. माझ्याकडे बघून म्हण."

त्या दिवशी मला ते जमलं नाही. अक्कांनी आग्रह धरला नाही. वाटीत शेव-मुरमुरे आणून दिले आणि विषय बदलला.

या मूर्ती का कोरल्या, यावर विद्वानांची भांडणं अक्का शेजाऱ्यांची भांडणं सांगावीत तशी सांगत. कोणी म्हणे जोडपं मंगल असतं म्हणून. कोणी म्हणे तंत्रमार्गाची खूण. कोणी म्हणे दृष्ट लागू नये, वीज पडू नये म्हणून. कोणी म्हणे वासना बाहेर ठेवून आत या, हे सांगायला. "सगळ्यांत थोडं थोडं खरं आहे," अक्का म्हणत. "पण घडवणाऱ्याला ते सुंदर वाटलं असेल, एवढं एक कारण सोडून सगळी शोधून झाली."

त्या स्वतः नेहमी पायांपासून सुरुवात करत. लोकांची नजर जिथे आधी जाते आणि जिथून घाईनं पळते, तिथे त्या शेवटी पोचत. "बाईचे पाय बघ. पाऊल जमिनीत रुतलेलं असेल तर ती ओढली जातेय. टाच उचललेली असेल तर ती स्वतःहून वर झालीय, त्याच्या तोंडापर्यंत पोचायला. शृंगार आणि जबरदस्ती यातला फरक त्या टाचेत असतो."

शिरपूरच्या पुढे, सातपुड्याच्या पायथ्याशी एक लहानसं जुनं देऊळ आहे. सरकारच्या कुठल्याच यादीत नसलेलं. तिथे जीर्णोद्धार निघाला आणि मूर्तींचा पट्टा झाकायचं ठरलं, असं कळल्यावर अक्का मला घेऊन बसनं तिथे गेल्या. समितीचे अध्यक्ष, ज्यांना गाव आबा म्हणे, फार अदबीनं वागले. चहा दिला. मग म्हणाले, "अक्का, पोरीसोरी दर्शनले येतस. बाप-लेक संगे येतस. मुंडी खाले घालीसन जानं पडस. हाई बठ्ठं सिमेंटमा झाकी टाकुत."

"झाका," अक्का म्हणाल्या. "पण आधी गावातल्या बायांना मला एकदा दाखवू द्या."

"बायास्ले?"

"त्यांच्याच नावानं झाकताय ना, आबा?"

आबांनी मान डोलावली. गवंडी येण्याच्या आदल्या दिवसाची दुपार ठरली. परतताना अक्कांनी बेत सांगितला. आधी बायांना हळदीची गाणी म्हणायला लावायची, व्याह्यांना चिडवतात ती. मग टॉर्च. मग पाय. बोलायचं त्यांनी, टॉर्च धरायची मी.

ती दुपार यायच्या आधीच अक्कांना झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. दवाखान्यात मी त्यांच्या उशाशी उभी होते. त्यांनी डाव्या हातानं कपाटाची किल्ली दाखवली. कपाटात टॉर्च होती.

मी एकटी गेले. देवळाच्या सावलीतल्या भिंतीपाशी बाया बसल्या होत्या, मागे थोड्या अंतरावर आबा आणि समिती. मी गाण्यांचं विचारलं तेव्हा माझा आवाज मलाच ऐकू आला नाही. पदराआड हसणं सुरू झालं. जिला सगळ्या मोठीमाय म्हणतात अशी एक म्हातारी पुढे सरकली.

"तुन्हं लगीन व्हयनं का, बेटा?"

"नाही."

"मंग तुले काय समजस यामा?"

सगळ्या मोठ्यानं हसल्या. मीही हसले. मोठीमायनंच गाणं धरलं. व्याह्याच्या मिशीपासून निघालेलं ते गाणं खाली उतरत गेलं. बाया टाळ्या देत होत्या, समिती जमिनीकडे बघत होती.

मग मी टॉर्च लावली, बाजूनं. तिरप्या उजेडात एक जोडपं भिंतीतून बाहेर आलं. मी मराठीत बोलत होते. पाऊल म्हटलं, मांडी म्हटलं, कंबर, स्तन, चुंबन. कोणाच्या चेहऱ्याकडे बघायचं ते न कळून सगळ्यांच्याच चेहऱ्यांकडे बघितलं. शेवटी म्हटलं, "आता परत तिचे पाय बघा." टाच उचललेली का, ते मी सांगितलं नाही.

मोठीमाय गुडघ्यावर हात ठेवून वाकली. बराच वेळ बघत राहिली.

"हिले कोनी वढी नही आनं," ती म्हणाली. "हाई सोताहून येल शे."

कोणी हसलं नाही. एका नव्या सुनेनं पुढे होऊन त्या दगडी टाचेवरची धूळ बोटानं पुसली. मोठीमाय मागे वळली. "आबा, तुन्हा लगीनमा म्हनेल गानं म्हनू का आते?"

"राहू दे, माय," आबा घाईनं म्हणाले. त्यांनी टोपी काढली, पुन्हा घातली. "सिमेंट राहू द्या. पन दरवाजाले तरी ऑइलपेंट लावूत. डबा आनेल शे."

त्या देवळाचा दरवाजा आज चकचकीत निळा आहे. भिंत मात्र तशीच आहे.

अक्का पुन्हा बोलल्या नाहीत. हिवाळा संपायच्या आत गेल्या. टॉर्च माझ्याकडे आहे. पण बायांना भिंत दाखवली त्या संध्याकाळी शिरपूरहून मी थेट दवाखान्यात गेले होते आणि खुर्ची ओढून त्यांना सगळं सांगितलं होतं. सगळे शब्द, मराठीत, त्यांच्याकडे बघून. अक्कांची नजर छताला होती. ऐकू जातंय की नाही, कळत नव्हतं. मी मोठीमायचं वाक्य तिच्याच बोलीत म्हणून दाखवलं, माझ्या वाईट उच्चारात.

पांघरुणाखाली अक्कांचा डावा पाय हलला. गुडघा जरासा वर झाला. चादरीवरून दिसलं, टाच उचललेली होती.